ओळंबा

आमच्या बडोद्यावर चंद्र तीन.
थोरला रोजचा, पितळी.
मधला सतरा दिवसांनी उगवतो,
कडा झिजलेल्या नाण्यासारखा.
धाकटा जेमतेम वाटाण्याएवढा.
त्याची दखल घेतात फक्त
विश्वामित्रीतल्या मगरी
आणि घडियाळी पोळातले सोनार.

शास्त्रात त्याला जागा नव्हती.
हे मी सांगतो, कारण जागा वाटणाऱ्यांत मी होतो :
सुरसागराच्या काठावरच्या प्रयोगशाळेत
मापनाचा मुख्य.
काचेच्या घुमटाखालचा प्रमाण शेर माझ्या ताब्यात
आणि रोज सकाळी तो काट्याला टांगून पाहायला
मथूबाई दिघे.

बांगड्या काढून खिडकीत ठेवायच्या,
पदर खोचायचा, श्वास रोखायचा.
“साहेब, आज दोन गुंजा कमी.”
हात कापला असेल.
“साहेब, आज गुंजभर जास्त.”
हवा दमट आहे, मथूबाई. धूळ असेल.
खोडा, कालचाच आकडा घाला.

त्या खोडायच्या.
आणि संध्याकाळी दांडिया बाजारातल्या घरी
वाणसामानाच्या वहीत, मागच्या बाजूनं,
खोडलेलं पुन्हा लिहायच्या.
पुढून तूरडाळ, रॉकेल, दूध;
मागून शेर.
दोन्ही हिशेब मध्यावर भेटले
की नवी वही.
अशी एकतीस वर्षं.

ओळंबा दोनशे चौदा वर्षांनी पडतो.
पंचांगात एवढंच : तिन्ही एका दोरीत,
नवी भिंत उचलू नये.
आम्ही सभा भरवली. चहा झाला.
काहीही घडणार नाही, असा ठराव
एकमतानं मंजूर केला,
खाली माझी सही.

मध्यरात्र उलटली.
तिन्ही चंद्र एकाखाली एक आले,
जणू वर कुणी गवंडी
दोरी धरून एक डोळा मिटून बघतोय.
सुरसागराचं पाणी मधोमध फुगलं,
तव्यावरच्या भाकरीसारखं.
मांडवीजवळच्या अर्ध्या बांधकामावर
टांगलेले सगळे ओळंबे तिरपे झाले,
सगळे एकाच बाजूला, शिस्तीत.
मगरी पुलावर चढून आल्या
आणि ईशान्येला थोबाडं करून पडून राहिल्या.
टांगेवाले उतरून, घोड्यांचे लगाम धरून, वाट बघत उभे.
कुणी ओरडलं नाही.

आणि काचेखालचा शेर उठला.
तांदळाच्या दाण्याएवढा. पण उठला.
मी घुमटाला नाक लावून बसलो होतो.
माझा हात कापत नव्हता.
मी हात लावलाच नव्हता.

उजाडता नटुभाई चोकसीकडे गेलो.
“आम्ही तर धाकटा डोक्यावर असला
की सोनं तोलतच नाही, साहेब. बापदादांपासून.”
मग सांगितलं का नाही कधी?
“सांगितलं असतं तर दुकानात कोण आलं असतं?”

मथूबाई तूर निवडत होत्या.
मी दारातच उभा, चपला हातात,
कशाला काढल्या ते मलाच कळेना.
त्यांनी नाडीनं बांधलेला गठ्ठा पुढे केला.
“मागून वाचा. पुढून वाचलंत तर रॉकेल लागेल.”

वाचलं.
प्रत्येक कमी गुंज, प्रत्येक जास्त गुंज
कागदावर ठिपके करून जोडली
तर धाकट्याची वाट निघाली,
वळणासकट, मधल्याला चुकवून जाते त्या जागेसकट.
एकतीस वर्षं ती बाई
जमिनीकडे बघत आकाश लिहीत होती
आणि मी वरून शाई फिरवत होतो.

आता मुलांना वजन विचारलं
की ती आधी विचारतात, कधीचं?
पदार्थांची पुस्तकं नव्यानं लिहिली जातायत,
औषधांचे डोस, तोफांचे नेम,
घड्याळंसुद्धा.
शेर खाली बसला, पण पहिल्यासारखा नाही,
दोन गुंजा हलका राहिला.
दालनात माझी नोंदवही मांडली आहे :
सुरेख मोडी वळणाचं अक्षर,
रोज तोच आकडा, अकरा हजार दिवस.
तिथे कुणी कधी काही तोललेलं नाही.

मथूबाई दर शनिवारी येतात,
बाकावर बसतात, वही परत मागतात.
चौथ्या वहीत, म्हणतात, पुढच्या बाजूला
दूधवाल्याकडचं दीड रुपया येणं आहे,
तो अजून नाकबूल आहे.